पंचफुलानं पाह्यलेला पाट

माही भावजय पंचफुला एकदा कोर्टात उभी राह्यली होती असं सांगितलं, तं आमच्या वस्तीतली आताची पोट्टी हसतात. "जयवंता आत्या, ते मुकी बुढी? ते कोर्टात बोलली?" हाव रे बावा, तेच. अन् तवा ती मुकी नव्हती. इतवारी स्टेशनच्या मागं आमची वस्ती, अन् साऱ्या वस्तीत तिच्याएवढी चोंबडी बाई दुसरी नव्हती. कोनाच्या घरी भांडन लागलं की हिचं मुंडकं खिडकीत. कोनाकडे पाहुणे आले, काय घेऊन आले, सून किती वाजता उठली, सारं हिले मालूम. माहा भाऊ महादेव म्हने, "माही बायको कळमेश्वरची नाही, सीआयडीची हाये." ती हसे अन् अजून दोन बातम्या सांगे.

मले भिवापूरले देलं होतं. माहा माणूस तापानं गेला, तं महादेवानं मले घरी आनलं. नणंद कायमची घरी बसली की भावजय नाक मुरडते, जगाची रीतच हाये. पन पंचफुलानं मले कधी ताटावरून बोललं नाही. मी तोंडाची तिखट, भिवापूरच्या मिरचीच्या खळ्यावर राबलेली, तरी आमचं जमलं. ती मले बाई म्हने.

एक गोष्ट माह्या ध्यानात आली होती. येवढी हसरी बाई, पन भाऊ कामावर निघाला की तिचा चेहरा उतरे. कधी त्याची चप्पल लपवे, कधी म्हने मांजर आडवी गेली, जरा थांबा. अन् ज्या दिवशी त्याची टाकीची पाळी, त्या दिवशी तं हिले नेमकं काहीतरी होये. कधी चक्कर, कधी पोटात कळ. मी चिडवू, "काहून वं, नवरा मिलमधी चालला का लढाईवर?" ती हसे नाही. मले तवा काही कळलं नाही.

टाकी म्हंजे काय ते सांगते. वस्तीच्या पलीकडे सरकीच्या तेलाची मिल होती. आमच्या वस्तीतले अर्धे मानसं तिथंच. मिलच्या आंगनात जमिनीखाली एक टाकी, तिच्यात तेलाचा गाळ साचे. तो सडे. मंग एकजन बादली अन् फावडं घेऊन आत उतरे अन् गाळ काढे. वर आला की त्याचे डोळे लाल, अन् दोन दिवस जेवन गोड लागत नसे. म्हनून पाळी लावली होती. आज हा, मंग तो. कोनाले अडचन असली की तो दुसऱ्याले म्हने, "आज तू उतर गा, पुढच्या खेपी मी." एक बिडी देली की झालं.

महादेवाची अन् गोपाळची अशी अदलाबदल नेहमीची. गोपाळ आमचा शेजारी, कवाडाले कवाड. सरळ मानूस. त्याची बायको देवकी, रामटेककडची. ती त्याची पाटाची बायको होती.

आताच्या पोरींले पाट म्हंजे बसायचा पाट वाटते. आमच्याकडे विधवेचं दुसरं लग्न लावत, त्याले पाट म्हनत. त्याले ना मांडव, ना वाजा, ना अक्षता. मारोतीच्या देवळामागं अंधारात दोघांले बसवत. एखादी विधवा बाई नवरीच्या अंगावर नवं लुगडं टाके, काकनं भरे, पदराले गाठ मारे, गूळ देये, की झालं लग्न. अन् सवाशिनीनं ते पाहू नये. जिचं कुंकू शाबूत हाये तिनं सूर्य उगवायच्या आधी त्या जोडप्याचं तोंड पाह्यलं, तं तिचं कुंकू जाते, असं म्हनत. पाट असला की साऱ्या सवाशिनी दिवेलागनीलेच कवाडं लावून घेत.

देवकीचा पाट लागला तवा मी भिवापूरले होती. पंचफुला नवी नवी सासरी आली होती. अन् तिनं तो पाट पाह्यला. हे मले लय मागून कळलं, पन इथंच सांगून टाकते, म्हंजे तुमचा घोटाळा नको. देवळाच्या भिंतीले एक भोक होतं. पाट कसा असते ते पाहावंच, असं हिच्या मनात आलं, अन् ही भोकाले डोळा लावून बसली. जिजाबाई नावाच्या बुढीनं लुगडं टाकलं. तिचे हात थरथरत, तिच्यानं गाठ बसेना. मंग गोपाळच्या मोठ्या भावानं, मारोतरावानं, हातातला कंदील खाली ठेवला अन् आपल्या हातानं गाठ मारली. तेवढ्यात देवकीनं मान वर केली, अन् कंदिलाच्या उजेडात पंचफुलाले तिचं तोंड साफ दिसलं.

त्या दिवसापासून तिच्या उरात भेव बसलं. कोनाले सांगायची सोय नाही. सासू, म्हंजे माही माय, तवा जिती होती; तिले सांगितलं असतं तं तिनं केस धरून बाहेर काढलं असतं. नवऱ्याले काय सांगावं, की मी तुमचं मरन पाहून आली? जे घरात सांगता येत नाही, ते पोटात धरून ती राह्यली. अन् भाऊ घराबाहेर निघाला की त्याले अडवाले बहाना शोधे.

आनीबानीचं साल होतं, पोळा जवळ आला होता. त्या सकाळी महादेवाची पाळी होती. पंचफुला चुलीपुढं आडवी पडली अन् पोट धरून वरडू लागली. मीच तिले ओवा देला. महादेव कंटाळला, पन बायको अशी लोळून राह्यली तं कसा जाईन? तो कवाडातून वरडला, "गोपाळ, आज तू उतर गा, हिचं पोट दुखून राह्यलं." गोपाळ बाहेरच तोंड धुवत होता. "उतरतो न," म्हने. "वहिनीले दवाखान्यात ने."

दुपारी मिलचा भोंगा भलत्याच वेळी वाजला. भलत्या वेळचा भोंगा आयकला की वस्तीतल्या बायांचं पानी होये. साऱ्या धावल्या. देवकी माह्या पुढं धावत होती, तिच्या हाताले पीठ तसंच. टाकीतल्या गॅसनं गोपाळ आतच पडला होता. दोरीनं वर काढला तवा त्याच्यात काही नव्हतं. देवकी त्याचं तोंड पुसत होती अन् म्हनत होती, "उठा न, उठा न."

मी घरी आली तं पंचफुला चुलीच्या कोपऱ्यात बसली होती, पदर तोंडात कोंबून. मेलेल्या मानसाचं तोंड पाहालेही ती गेली नाही. मले राग आला. म्हनली, "इतक्या दिवसाचा शेजार, अन् तुले दोन पावलं जावत नाही?" तिनं तोंड भिंतीकडे फिरवलं. पोट मात्र दुखत नव्हतं.

तेरवी झाली अन् युनियनचे नानाजी देवकीकडे आले. चांगला मानूस, सायकलवर फिरे, सारखा खोकलत राहे. ते म्हनले, "कामावर मेलेल्या मानसाच्या बायकोले भरपाई देन्याचा कायदा हाये. आपन दावा टाकू." दावा टाकला. मिलवाल्यांनी उत्तर देलं की ही बाई गोपाळची बायकोच नाही. त्यानं ठेवली होती. लग्न झालंच नाही.

अन् त्यांचा साक्षीदार कोन? मारोतराव! देवकीचा सख्खा जेठ, नवऱ्याचा मोठा भाऊ. ज्यानं सोताच्या हातानं गाठ मारली तो. मिलनं त्याले फाटकावर चौकीदारी देतो म्हनून कबूल केलं होतं. बेशरम म्हनते, "माह्या भावानं बाई ठेवली होती, पाट-बिट काही लागला नाही." देवकीनं हे आयकलं अन् मटकन खाली बसली. मूलबाळ तिले नव्हतं. माहेरी माय-बाप नाहीत. पैसा तं पैसा, पन वस्तीत तिले बायको म्हनून राहायचं का ठेवलेली म्हनून, हे आता कोर्ट ठरवनार होतं. ज्या बाया काल तिच्यासंगं नळावर भांडे घासत, त्या तिच्याकडे पाहून पदर सावरू लागल्या होत्या.

नानाजी म्हनले, "दोघं एका घरात राह्यले हे साऱ्या वस्तीनं पाह्यलं. पन भाऊच नाही म्हनते, तं पाट लागताना पाह्यलेलं एक मानूस पाह्यजे." पाहनार कोन? जिजाबाई मरून गेली होती. पाटाले दुसरी एक विधवा हजर होती, ती मारोतरावाच्याच घरी खात होती. बाकी साऱ्या सवाशिनी. प्रत्येकीनं कानाले हात लावले. "आमी कशाले पाहून वं? आमाले नवरे नाहीत का?"

देवकी आमच्या घरी येऊन बसली. रडून रडून तिचे डोळे आत गेले होते. म्हनली, "माहा पाट कोनीच पाह्यला नाही का वं? माह्यासंगं जे झालं ते खोटंच होतं का?" पंचफुला भाकर थापत होती. ती भाकर तव्यावर जळून कोळसा झाली, तरी हिचं ध्यान नाही. देवकी गेली अन् मी हिले धरलं. "काय हाये तुह्या पोटात? बोल." तवा तिनं सारं सांगितलं.

मले पहिल्यांदा राग आला, की माह्या भावाच्या जिवाशी खेळली ही! अन् मंग मले माहंच आठवलं. मी म्हनली, "आयक पंचफुला. मी जन्मात कोनाचा पाट पाह्यला नाही. कवाड लावून, वरून गोधडी घेऊन झोपत होती मी. तरी माहा मानूस गेला न? गेलाच न? मंग कुठं हाये तुही रीत?" ती म्हनली, "तुमचं बोलनं खरं हाये बाई. पन भेव जात नाही. अन् मी बोलली की सारं निघन. त्या दिवशी पाळी कोनाची होती तेबी निघन." हे तं माह्या डोक्यातच आलं नव्हतं. मी म्हनली, "पाटाचं सांग. पाळीचं कोनी इचारत नाही. ते पोटात ठेव."

तिनं दोन दिवस काढले. तिसऱ्या दिवशी सोताच नानाजीकडे गेली अन् नाव देऊन आली. असं कसं केलं तिनं, मले आजही नवल वाटते. म्हने, "देवकी मले दिसते बाई. डोळे मिटले की कंदिलातलं तिचं तोंड दिसते."

साक्षीदाराचं नाव मिलमधी पोचाले किती वेळ? मॅनेजरनं महादेवाले बोलावून सांगितलं, "तुझी बायको पाट पाहिला म्हणते. समजावून सांग तिला." भाऊ घरी आला. हात-पाय धुतले नाही, जेवला नाही. खाटेवर बसून राह्यला.

"पाह्यला होता?" त्यानं इचारलं.

"हाव," ती म्हनली.

मंग तो हळूच म्हनला, "मंग त्या दिवशी तुह्या पोटात दुखलंच नव्हतं."

तो उठून बाहेर गेला. मले वाटलं, आता हा हिले मारते. पन तो मारोतीच्या देवळात गेला अन् दंडाले काळा दोरा बांधून आला. येवढा धिप्पाड मानूस, अमावसेले मसनातून येजा करनारा, पन आता त्याले दोऱ्याचा आधार लागला. चोरून भेव घेनारी एक होती, आता घरात तिघं झालो. अन् पलीकडच्या खोलीत देवकी होती, जिले काहीच मालूम नव्हतं. सकाळी ती आली अन् पंचफुलाच्या पाया पडली. म्हने, "तू माही बहीन झाली." पंचफुला मागं सरकली, तिचा पाय भिंतीले लागला.

कोर्टाच्या दिवशी मिलवाल्यांनी मुद्दाम महादेवाले आनून समोरच्या बाकावर बसवलं. नवऱ्याच्या डोळ्यापुढं बायको बोलते का, ते त्यांले पाहायचं होतं. मारोतराव पांढरं धोतर घालून बसला होता. मी देवकीच्या बाजूले बसली. पंचफुला उभी राह्यली. तिनं सारं बरोबर सांगितलं. लुगडं, काकनं, जिजाबाईचे हात, मारोतरावानं कंदील खाली ठेवून मारलेली गाठ. मारोतरावानं मान खाली घातली ते मी पाह्यलं. मले वाटलं, चला, सुटलो.

मंग मिलचा वकील उठला. बोलनं अगदी गोड. त्यानं इचारलं, "बाई, सवाशिणीनं पाट पाहिला तर काय होतं म्हणतात तुमच्यात?"

पंचफुला हळूच म्हनली, "नवरा मरते."

"हे समोर बसलेत ते कोण?"

"माहे मालक."

"चांगले ठणठणीत दिसतात." मागं दोघंतिघं हसले. "मग बाई, दोनातलं एक खरं. एक तर तुमची रीत खोटी, नाही तर तुमची साक्ष खोटी. तुमचा या रितीवर विश्वास आहे की नाही?"

म्हन वं, मी मनातल्या मनात म्हनून राह्यली होती, म्हन की रीत खोटी हाये. दोन शब्द हायेत, म्हन अन् खाली ये! पन तिच्या तोंडून ते निघेना. खोटी मानली असती तं इतके वर्सं भेवली कशाले असती? तिनं कठडा घट्ट धरला. वर बसलेल्या जज साहेबानं सांगितलं, "बाई, घाबरू नका. उत्तर द्या."

ती महादेवाकडे पाहून बोलली. "रीत खोटी नाही साहेब. मी पाट पाह्यला म्हनूनच मले मालूम होतं की हे टाकीत उतरले की मरतीन. त्या दिवशी पाळी यांची होती. मी पोट दुखते म्हनून यांले घरी ठेवलं. खोटंच. मंग यांच्या जागी गोपाळभाऊ उतरले." तिनं पदरानं तोंड पुसलं. "मी पाह्यलं नसतं तं मी कशाले असं केलं असतं?"

कोर्टात कोनी हसलं नाही. वकील खाली बसला. साहेब लिहित राह्यले. माह्या बाजूले बसलेल्या देवकीचा हात माह्या हातात होता, तो तिनं काढून घेतला.

निकाल देवकीच्या बाजूनं लागला. पाट लागला होता, ती गोपाळची बायको होती, असं कोर्टानं मानलं. नानाजी म्हनले, साऱ्यात पक्की साक्ष तुमच्या पंचफुलाचीच झाली. आमच्या घरी कोनाले आनंद झाला नाही. देवकीनं आमच्याशी बोलनं टाकलं. कवाडाले कवाड, पन आम्ही बाहेर आलो की ती आत जाये. महादेव तं वस्तीत मान वर करून चालेना. लोक तोंडावर म्हनत नसत, पन मागं म्हनतच होते की आपल्या पाळीले दुसऱ्याले मराले धाडलं.

अन् मंग त्याची टाकीची पाळी आली.

पंचफुला त्याच्या पायापाशी बसली. म्हनली, "नका जाऊ. नौकरी सोडा, आपन भीक मागू." तिच्या पोटात दुखायची सोयही आता राह्यली नव्हती. त्यानं तिचा हात सोडवला. "आज मी नाही उतरलो तं कोनाले उतरवू? सांग न, कोनाचं घर दाखवू?" अन् गेला. मीही त्याले अडवलं नाही.

पंचफुला उंबरठ्यावर बसली अन् मिलकडे पाहत राह्यली. चूल पेटली नाही. बसल्या जागी ती डुलत होती. मी देवाले नवस बोलून राह्यली होती, येरझारा घालत होती. दुपारच्या आसपास समोरचं कवाड वाजलं. देवकी बाहेर आली. पांढऱ्या लुगड्यात, भुंड्या हातांनी. ती सरळ आमच्याकडे आली अन् उंबरठ्यावर पंचफुलाच्या बाजूले बसली. ही बघाले आली का? आपलं झालं ते हिचं होताना बघाले आली का? मी इचारलं, "देवकी, काहून आली वं?" दोघी मिलकडे पाहत बसल्या. भोंगा वाजत नव्हता. वाजू नये म्हनून जीव मुठीत धरून आम्ही बसलो, अन् वेळ सरता सरेना.

शेवटी सुट्टीचा भोंगा झाला, रोजच्या वेळी. मानसं येऊ लागली. एक, दोन, पाच. त्यांच्या मागं महादेव. डोळे लाल, धोतर गाळानं भरलेलं, पन आपल्या पायानं चालत. तो आमच्या आंगनात आला अन् रांजनाजवळ उभा राहून घटाघट पानी प्याला. पंचफुलानं हंबरडा फोडला. मीही रडली, देवाचं नाव घेत रडली.

देवकी उठली. ती महादेवाच्या जवळ गेली अन् त्याले वरपासून खालपर्यंत पाहत राह्यली. मंग पंचफुलाकडे वळली.

"तुहा आला," ती म्हनली. "पाट पाह्यला, टाकीत उतरला, तरी आला." तिनं पंचफुलाचा खांदा धरला. "मंग माहा कशाले गेला वं, पंचफुला? सांग न मले. माहा कशाले गेला?"

पंचफुलाचं तोंड उघडं राह्यलं. तवापासून ती कोनाशी फारसं बोलली नाही.